यमाची गाडी हाकणारा माणूस

आज दुपारी घरात कुणी नव्हतं, म्हणून बरेच दिवस राहिलेला 'द फँटम कॅरेज' लावला. १९२१ चा स्वीडिश मूकपट. दिग्दर्शक व्हिक्टर श्योस्ट्रम, आणि दारुड्या डेव्हिड होमचं मुख्य कामही त्याचंच. गोष्ट सेल्मा लागरलोफच्या कादंबरीवरची.

कल्पना अशी: ३१ डिसेंबरला बाराच्या ठोक्याला जो शेवटचा मरेल, त्याने वर्षभर मृत्यूची घोडागाडी हाकायची आणि आत्मे गोळा करायचे. आपल्याकडे यम रेड्यावरून स्वतः येतो, इथे मात्र पाळीपाळीने माणसालाच जुंपलंय! गाडी लाटांवरून जाते, गाडीवान समुद्राच्या तळाशी बुडालेल्याला आणायला उतरतो. हे सगळं फिल्म मागे गुंडाळून त्याच फिल्मवर पुन्हा चित्रण करून केलंय, तेही हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यावर. कमाल आहे.

पण मला भुतांपेक्षा कोट जास्त लागला. साल्व्हेशन आर्मी या गरिबांसाठी काम करणाऱ्या ख्रिस्ती संस्थेची सिस्टर एडिट रात्रभर जागून डेव्हिडचा फाटका कोट शिवते. सकाळी तो तिच्यासमोरच ते टाके टराटरा उसवतो, ठिगळं काढतो. चेहऱ्यावर हसू! एक शब्द ऐकू येत नाही, तरी अंगावर काटा येतो. त्याच कोटातून तिला क्षय लागतो.

शेवट थोडा प्रवचनी वाटला, खरं सांगायचं तर. पण 'पीक कापलं जाण्याआधी माझा आत्मा पिकू दे' या अर्थाची त्यातली प्रार्थना भांडी घासतानाही डोक्यात होती.

कुणी पाहिलाय का? शेवटाबद्दल भांडायला या.