एक जवळा

कोळंबी एक असते, दहा असतात. चिंबोरी तर नगावरच घ्यायची, तीही उलटी करून, पोटाकडून दाबून, भरलेली आहे की नुसतं पाणी आहे ते बघून. पापलेटांची जोडी, सुरमईचा तुकडा, बोंबलांचा वाटा. जवळ्याला, म्हणजे कोळंबीच्या इवल्याशा भाऊबंदाला, मात्र असं काहीच नाही. "जवळा आलाय का?" "आज जवळा मस्त आहे." "जवळा निवडायला घे." टोपलीत हजारो जीव आणि क्रियापद एकवचनी, पुल्लिंगी. आपण त्याला पाऊस, गहू आणि तांदूळ यांच्या पंगतीत बसवून टाकलंय. सुका जवळा तर बाजारात धान्यासारखा मापट्यानेच मोजून मिळायचा. वजनकाटे आले ते नंतर. अजूनही एखादी कोळीण तराजू बाजूला ठेवून ओंजळभर वर टाकते, तेव्हा तो जुना हिशेब डोकं वर काढतो.

एकदा बाजारात मी सहज म्हटलं, "मावशी, यातला एक दाखवा ना नीट." तिने माझ्याकडे दया आल्यासारखं पाहिलं. "एक घेऊन काय करतंस? वाटा घे."

वाटा घेतला. पण घरी आल्यावर त्यातला एक उचलून पांढऱ्या बशीत ठेवलाच. लांबी पेराएवढी. वाढून वाढून जवळा चार सेंटीमीटरच्या आसपास पोचतो, बहुतेक त्याहून लहानच असतात. अंग जवळजवळ आरपार दिसणारं. मोहरीहून बारीक काळेभोर दोन डोळे, शेपटीपाशी तांबडे ठिपके आणि मिशा अंगापेक्षा लांब. हे सगळं ढिगात कधी दिसत नाही. ढिगात दिसतो तो करडा-गुलाबी लगदा.

पाय मोजायला गेलं की आणखी गंमत. कोळंबी, खेकडा, शेवंड आणि जवळा हे सगळे प्राणिशास्त्राच्या हिशेबाने दशपाद, म्हणजे दहा पायांचे. जवळ्याला पायांच्या तीनच जोड्या असतात. मागच्या दोन जोड्या त्याच्या पूर्वजांनी उत्क्रांतीच्या वाटेवर कुठेतरी गाळून टाकल्या. आयुष्यभर पाण्यात तरंगायचं, तळावर चालायचं क्वचितच, मग हवेत कशाला? पोटाखालच्या वल्ह्यांसारख्या अवयवांवर त्याचं भागतं. जातीच्या दाखल्यावर मात्र दशपादच. सरकारी कागद एकदा झाला की बदलत नाही, हे प्राणिशास्त्रालाही लागू असावं.

दाखल्यावरचं पूर्ण नाव असेटिस इंडिकस. आंरी मिल्न-एडवर्ड्स या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने 1830 साली ते ठेवलं. म्हणजे ज्याला आपण कधी एक म्हणून पाहिलं नाही, त्यातला एक भिंगाखाली धरून कुणीतरी दोनशे वर्षांपूर्वी त्याच्या पायांची आणि मिशांची नोंद केली. पण मला त्याहून आवडते ती दुसरी नोंद. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने 1980 साली जगभरच्या कोळंब्यांची एक मोठी सूची छापली. यादी वाचून संपणार नाही इतक्या देशांतल्या कोळंब्या तिच्यात आहेत. प्रत्येकीला एक अधिकृत इंग्रजी नाव द्यायचं होतं. आपल्या असेटिसपाशी आल्यावर लिहिलं गेलं, 'जवला पेस्ट श्रिम्प'. बाजारातलं नाव थेट रोममधल्या कचेरीत! आणि ळ ऐवजी ल आला म्हणून पुणेरी नाकं मुरडायचं कारण नाही. रोमन लिपीत ळ नाही हे खरं, पण आगरी-कोळी बोलीतही तो नाही. तिथे डोळ्याचा डोला होतो आणि जवळ्याचा जवला. ज्यांनी तो पकडला त्यांचाच उच्चार कागदावर चढला. एरवी असं फार वेळा घडत नाही.

पकडण्याची रीत त्याच्या स्वभावाला साजेशी आहे. जवळा थव्याने राहतो आणि भरती-ओहोटीच्या ओढीबरोबर वाहत जातो, म्हणून त्याच्या मागे धावायची गरज नसते. डोल जाळं म्हणजे एक प्रचंड शंकूच्या आकाराची पिशवी. ती समुद्रात रोवलेल्या खुंटांना बांधून ठेवतात, तोंड प्रवाहाकडे करून. तोंडाकडची आसं, म्हणजे जाळ्याची भोकं, मोठी, शेपटाकडे जाता जाता बारीक. पाणी आत शिरतं आणि निघून जातं, जवळा मागे राहतो. प्रवाह उलटायच्या आत जाळं ओढून घ्यायचं. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला ओढ जोरात, तेव्हा जाळं भरतं. भांगाच्या, म्हणजे उधाण ओसरलेल्या दिवसांत पाणीच सुस्त, जाळंही सुस्त. वसईपासून खाली रायगडापर्यंत आणि वर गुजरातेत हे पिढ्यान्‌पिढ्या चाललंय. दोष इतकाच की बारीक आसातून कुणीच सुटत नाही. जवळा निवडायला बसलं की करंगळीच्या नखाएवढ्या चिंबोऱ्या आणि बोटभरही न वाढलेल्या मांदेली हाताला लागतात. त्या बाजूला काढताना हात जरा थबकतो.

ज्यांना जवळ्याची खरी किंमत कळली आहे ते मासे आहेत. मांदेली त्यावर वाढते, वाकटी त्यावर वाढते, आणि बोंबील तर जवळ्यावर इतका जगतो की ताजा बोंबील साफ करताना त्याच्या तोंडातून, पोटातून अख्खा जवळा निघतो. नव्याने मासे करायला शिकणारी माणसं तेव्हा दचकतात. माझी आत्या म्हणायची, "वर फुकट दिलाय, घे." मुंबईकर ज्या कुरकुरीत बोंबलावर जीव टाकतात तो बऱ्याच अंशी रूपांतरित जवळा आहे, असं म्हटलं तर बोंबीलप्रेमींनी रागवू नये.

किनारा सोडून आत निघालं की त्याची नावं बदलायला लागतात, आणि इथे माणसं हमखास भांडतात. सातारा, नगर, नाशिककडे आठवडी बाजारात विचारायचं ते 'सुकट'. तिथे सुका जवळा आणि बारीक सुकी कोळंबी, दोन्ही सुकटच. अंगाने काटकुळ्या माणसालाही तोच शब्द. रायगडच्या बाईला हे पटत नाही. तिच्या लेखी जवळा वेगळा, करंदी वेगळी, आणि सोडे तर फारच वेगळे, कारण ते सोललेले आणि त्यामुळे महाग. मालवणात सुक्या जवळ्याला गोलमा म्हणतात, गोव्यात गालमो, आणि दोन्हीकडे त्याची किसमूर होते. भाजलेला गालमो, कच्चा कांदा, ओलं खोबरं आणि आंबटाला कोकम किंवा चिंच. विदर्भात झिंगे म्हणाल तर समोर येईल ते सुकं आणि बारीक खरं, पण बहुधा तळ्यातलं, गोड्या पाण्यातलं. तिथे समुद्राचा वास शोधू नये. आणि सांगोला तालुक्यात व जामखेड तालुक्यात तर जवळा नावाची गावंच आहेत. समुद्राचं आणि त्यांचं काही नातं नाही. तिथे जवळ्यात जवळा मागितला तर बहुधा सुकटीच्याच टोपलीकडे बोट दाखवतील.

सूचीतल्या 'पेस्ट' या शब्दाचं मात्र आपल्याकडे काही चालत नाही. असेटिसच्या भाऊबंदांना मिठात मुरवून, आंबवून, कुटून त्याचे गोळे करायचे, ही आग्नेय आशियाची तऱ्हा. मलेशियात त्याला बेलाचान म्हणतात, इंडोनेशियात तेरासी, थायलंडमध्ये कापी. बोटभर गोळा आख्ख्या पातेल्याला पुरतो. कोकणाने तो मार्ग धरला नाही. इथे खळ्यावर पातळ पसरायचा, दिवसभर उलथवायचा, आणि दोनतीन कडक उन्हांत कुरकुरीत करून डब्यात भरायचा. जूनपासून दोन महिने यांत्रिक बोटींची मासेमारी बंद. त्या दिवसांसाठी आगोटीला जी बेगमी होते तिच्यात मिरच्या, कांदे, आमसुलं यांच्या बरोबरीने जवळ्याचा डबा असतोच. तो उघडला की शेजारच्या मजल्यापर्यंत बातमी जाते. आमच्या इमारतीत यावरून एकदा नोटीस लागली होती, नाव न घेता. सगळ्यांना नाव कळलं.

हल्ली सुंदर पाकिटांत सुका जवळा 'क्रिल' म्हणून विकताना पाहिला. क्रिल वेगळी. तिचा गणच निराळा, तिचं नाव निघतं ते अंटार्क्टिकाच्या थंड पाण्यात आणि देवमाशांच्या पोटात. नाव भारदस्त केल्याने भाव वाढत असेल, पण कैरीबरोबर कुणी क्रिल करत नाही.

कैरी की वांगं, हा वाद मी सोडून दिलाय. दोन्ही चालतात, शेवग्याच्या शेंगाही चालतात. आग्रह एकाच गोष्टीचा. आधी कोरडा जवळा मंद आचेवर भाजायचा, निवला की सुपात पाखडून मिशा आणि डोक्यांचा भुसा उडवायचा, आणि मग पाण्यातून एकदाच काढून पिळायचा. वासाच्या भीतीने काही जण तीन-तीन पाण्यांतून काढतात. तसा धुतला तर वासाबरोबर चवही मोरीत जाते, आणि मग नुसतंच वांगं शिजवलेलं बरं.