यानोव्स्की संग्रह: मोंटे कार्लोचे पाव गुण अखेर जुळले

बुद्धिबळपटू डाविड यानोव्स्कीच्या डावांच्या संग्रहासाठी मोंटे कार्लो १९०१ या स्पर्धेचा गुणतक्ता सुटला. यानोव्स्की १०¼, श्लेश्टर ९½, फॉन शेव्ह आणि चिगोरिन प्रत्येकी ९. १४ खेळाडूंची एकूण बेरीज ९१. मागच्या नोंदीत हॅनोव्हर १९०२ पुरे करून आपण इथे येऊन थांबलो होतो, कारण कुठलाही प्रोग्राम लावला तरी पहिल्या क्रमांकाचे गुण १०¼ येतच नव्हते.

नियम पुन्हा मांडतो, सगळं घोडं तिथेच अडतं. मोंटे कार्लोत १९०१ आणि १९०२ मध्ये पहिला डाव बरोबरीत सुटला की दोघांना अर्ध्याऐवजी पाव गुण मिळायचा आणि डाव पुन्हा खेळावा लागायचा, हाच फेरडाव. दुसऱ्या डावात जो जिंकेल त्याला आणखी अर्धा, म्हणजे एकूण पाऊण. हरणाऱ्याकडे आधीचा पाव राहायचा. दुसराही बरोबरीत गेला तर आणखी पाव-पाव, म्हणजे अर्धा-अर्धा. मोंटे कार्लोच्या या दोन वर्षांत एका प्रतिस्पर्ध्याकडून मिळणारे गुण म्हणूनच पाच प्रकारचे: १, ¾, ½, ¼ किंवा ०.

पीजीएन म्हणजे बुद्धिबळाचे डाव साध्या मजकुरात साठवण्याची पद्धत. तिच्या रिझल्ट टॅगमध्ये, म्हणजे डावाच्या मथळ्यातल्या निकालाच्या ओळीत, मात्र चारच गोष्टी चालतात: पांढऱ्याचा विजय, काळ्याचा विजय, बरोबरी, आणि निकाल नसल्याची चांदणी (*). पाव गुणाला तिथे जागाच नाही. दोन्ही डाव साध्या निकालांनी भरले की प्रोग्राम पहिल्या डावाचा ½ आणि दुसऱ्याचा १ मिळवून फेरडाव जिंकणाऱ्याला १½ दाखवतो. पहिली बरोबरी काढून टाकली तर ¾ च्या जागी १ येतो. दोन्हीकडून तक्ता फसतो, आणि जालावर फिरणाऱ्या संग्रहांत हे दोन्ही प्रकार एकाच स्पर्धेत सरमिसळ झालेले आहेत.

तोड निघाली ती या १½ मधूनच. १½ चे निम्मे ¾. बरोबरी आणि मग हार म्हणजे साधा हिशेब ½, त्याचे निम्मे ¼. दोन बरोबऱ्या म्हणजे १, निम्मे ½. म्हणजे आयोजकांचा हा किचकट वाटणारा नियम ही निव्वळ सरासरी आहे: दोघांत जितके डाव झाले त्यांच्या साध्या गुणांची बेरीज करा आणि डावांच्या संख्येने भागा. रिझल्ट टॅगला हातच लावायचा नाही. निकाल पटावर लागला तसा ठेवायचा आणि भागाकार तक्ता बनवताना करायचा. इतकी सरळ गोष्ट हाती आल्याचा आनंद मोठा आहे, कारण यामुळे मूळ डाव शुद्ध राहतात.

भरण्याची पद्धत अशी. राउंड टॅगमध्ये पहिल्या डावाला ५.१ आणि फेरडावाला ५.२ लिहा, पीजीएनच्या मूळ नियमांत बिंदूने जोडलेली फेरी चालते. अडचण एकच, बरेच लोक बिंदूनंतरचा आकडा पटाचा क्रमांक म्हणून वापरतात. आयात केलेल्या फाईलमध्ये ५.४ किंवा ५.७ दिसलं तर तो पट समजा, बोर्ड टॅगमध्ये हलवा आणि मगच फेरडावांचे आकडे टाका. चाली मिळत नसतील तर नुसता मथळा आणि निकाल भरा, पण डाव वगळू नका. वगळलात की सरासरीचा भाजक चुकतो.

एक्सेलमध्ये तक्ता करणाऱ्यांसाठी: खान्यात १/४ टाइप केलं की त्याची तारीख होते. त्यापेक्षा सगळे गुण पाव गुणांच्या पूर्ण संख्येत ठेवा: विजय ४, मग ३, २, १, ०. यानोव्स्कीचे १०¼ म्हणजे ४१.

या पूर्ण संख्यांमुळे एक सुंदर तपासणीही मिळाली. एकाच डावात निकाल लागला तर ४ किंवा ०, दोन बरोबऱ्यांचे २. विषम आकडा येतो तो फक्त फेरडाव निकाली झाला तेव्हा. ४१ विषम आहे, म्हणजे यानोव्स्कीचे निकाली फेरडाव विषम संख्येतच असले पाहिजेत. तुमच्या फाईलमध्ये ते सम निघाले तर कुठेतरी फेरडाव हरवला आहे किंवा पहिली बरोबरी गळली आहे. श्लेश्टरचे ३८, तिथे सम हवेत. मात्र फेरडावात विजेता उलटा नोंदला गेला असेल तर ही तपासणी तो पकडत नाही आणि ९१ ची बेरीजही पकडत नाही. तेव्हा प्रत्येकाचे गुण स्पर्धेच्या छापील तक्त्याशी ताडून पाहायलाच हवेत.

फेरडाव हरवतात कसे, तेही सापडलं. स्किड या डावांच्या डेटाबेस प्रोग्राममध्ये जुळे (दोनदा नोंदलेले) डाव शोधताना ‘तेच खेळाडू, तेच वर्ष, तोच निकाल’ एवढ्याच खुणा ठेवल्या तर दोन बरोबऱ्यांपैकी एक जुळी ठरून उडते. ‘त्याच चाली’ ही खूण ठेवल्याशिवाय या दोन स्पर्धांवर जुळे-शोध चालवू नका. पीजीएन फाईली तपासणारा पीजीएन-एक्स्ट्रॅक्ट हा प्रोग्राम या बाबतीत जास्त भरवशाचा, तो मथळ्याकडे न बघता चालींवरून ठरवतो. पण एका प्रतीत डाव दोन चाली आधी संपवलेला असेल तर ती जोडी त्याच्या हातून निसटते. एका सशुल्क प्रोग्रामने आपण घातलेले जादा टॅग निर्यात करताना गाळून टाकले, म्हणून मूळ प्रत साध्या मजकुराच्या फाईलमध्येच ठेवावी हे माझं ठाम मत.

सरासरीचं हे सूत्र तक्ता बनवणाऱ्या स्क्रिप्टमध्ये थेट बसवायचा बेत होता. तो आता बदलतो आहे, कारण पॅरिस १९००. तिथेही यानोव्स्की आहे, तिथेही बरोबरीनंतर फेरडाव आहे, पण नियम वेगळा: पहिली बरोबरी मोजायचीच नाही, दुसऱ्या डावाचा निकाल पूर्ण धरायचा. तेव्हाचा जगज्जेता लास्कर, त्याचे १६ पैकी १४½ असे येतात. सरासरी लावली तर हा तक्ता बिघडेल. तेव्हा सूत्राऐवजी नियमांची वेगळी फाईल: स्पर्धा, वर्ष, खेळाडू, फेरडाव झाल्यास पहिल्या डावाचं वजन (त्याच्या साध्या गुणांचा किती भाग मोजायचा), फेरडावाचं वजन, अपेक्षित बेरीज. मोंटे कार्लो १९०१ साठी १४, ½, ½, ९१. पॅरिससाठी १७, ०, १, १३६. या मांडणीत लंडन १८८३ सारखी स्पर्धाही बसेल. तिथे पहिल्या दोन बरोबऱ्या सोडून तिसरी मोजायचे, म्हणून वजनाचा एक रकाना जास्त ठेवतो.

बाकीचं भराभर. हॅनोव्हर १९०२ (१७ पैकी १३½, पहिला), केंब्रिज स्प्रिंग्ज १९०४ (१५ पैकी ११, लास्करबरोबर दुसरा-तिसरा), बार्मेन १९०५ (१५ पैकी १०½, मारोत्सीबरोबर पहिला-दुसरा) आणि ऑस्टेंड १९०५ (२६ पैकी १८, टाराशबरोबर दुसरा-तिसरा) या चारही ठिकाणी साधे गुण आहेत, वजन १. मानहाइम १९१४ युद्धामुळे १७ पैकी ११ फेऱ्यांवर थांबली. न खेळलेल्या फेऱ्यांचे रिकामे डाव घालू नका, नाहीतर चांदण्यांमुळे टक्केवारी बिघडते.

लास्करबरोबरच्या लढतींचे इव्हेंट टॅग तीन वेगळे हवेत. १९०९ ची चार डावांची, २-२. त्याच वर्षीची दहा डावांची, लास्कर ७ विजय, १ हार, २ बरोबऱ्या. आणि बर्लिन १९१०, ८ विजय, ३ बरोबऱ्या. जगज्जेतेपदाची फक्त शेवटची. दहा डावांच्या लढतीलाही तेच लेबल लावलेल्या फाईली सर्रास आहेत, त्या दुरुस्त करा.

‘ला स्ट्रॅटेजी’ या फ्रेंच बुद्धिबळ मासिकाच्या स्कॅनमधून चाली उतरवणाऱ्यांनी अक्षरं बदलताना क्रम सांभाळावा. फ्रेंचमध्ये आर म्हणजे राजा, टी म्हणजे हत्ती; पीजीएनच्या इंग्रजी अक्षरांत के म्हणजे राजा, आर म्हणजे हत्ती. आधी आरचा के करा, नंतर टीचा आर. उलट केलंत तर सगळे हत्ती राजे होतात. वजीर, उंट, घोडा यांची अक्षरं कुठल्याही क्रमाने बदलली तरी चालतं.

पुढे मोंटे कार्लो १९०२: २० खेळाडू, बेरीज १९०. मारोत्सी १४¾, पिल्सबरी १४½, यानोव्स्की १४. पहिलं बक्षीस पाव गुणाने ठरलं, म्हणून इथे दोन तक्ते करायचे आहेत, एक नियमाप्रमाणे आणि दुसरा फेरडाव बाजूला ठेवून, फक्त पहिल्या डावांचा, साध्या अर्ध्या गुणांनी. बरोबरीचं वावडं असलेल्या यानोव्स्कीला या नियमाचा किती फायदा झाला ते त्यातून दिसेल. त्यासाठी कुठला डाव आधीचा हे पक्कं हवं, आणि बऱ्याच फाईलींत दोन्हीवर एकच तारीख आहे. त्या वर्षीच्या बुद्धिबळ मासिकांतली फेरीवार वृत्तं ज्यांच्याकडे असतील, त्यांनी फेरडावांचे दिवस तेवढे कळवावेत.