रेल्वेची आगबोट, कप्तानाचं घड्याळ

रूळ संपले की पुढचा समुद्र दुसऱ्याच्या हाती का सोडायचा, असा ब्रिटिश रेल्वे कंपन्यांचा सरळ हिशेब होता; म्हणून त्या आगबोटीही चालवायच्या. ग्रेट ईस्टर्न रेल्वेनं इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावर हारिचजवळ पार्कस्टनला धक्का बांधला, तो १८८३ साली सुरू झाला. लंडनच्या लिव्हरपूल स्ट्रीटहून सुटलेली गाडी थेट धक्क्यावर यायची आणि उतारू नि माल रातोरात बेल्जियममधल्या अँटवर्पला रवाना. १९०२ साली डंडीच्या गुर्ले ब्रदर्सनी या मार्गासाठी 'ब्रसेल्स' बांधली. लांबी २८५ फूट, १,३८० टन. (हे टन वजनाचे नव्हेत, १०० घनफूट बंदिस्त जागेला एक टन.)

पहिल्या महायुद्धात अँटवर्प जर्मनांकडे गेलं, पण हॉलंड तटस्थ, त्यामुळे तिकडच्या फेऱ्या चालूच राहिल्या. मार्च १९१५च्या सुरुवातीला कप्तान चार्ल्स फ्रायट 'रेक्सहॅम' नावाच्या दुसऱ्या बोटीवर होता. जर्मन पाणबुडी ४० सागरी मैल मागे लागली. त्यानं डेकवरचे खलाशीही कोळसा मारायला खाली धाडले आणि १४ नॉटची (तासाला १४ सागरी मैलांची) बोट १६ नॉटनं पळवली. ऐकायला दोनच नॉट, पण लागणारी शक्ती वेगाच्या घनानुसार वाढते, म्हणजे इंजिनाकडे जवळजवळ दीडपट मागणी. भट्टीत इतका कोळसा कोंबला की न जळलेला वायू वर जाऊन धुराड्यात पेटतो. बोट बंदरात लागली तेव्हा धुराडी भाजलेली होती. कंपनीनं त्याला सोन्याचं घड्याळ दिलं.

२८ मार्चला 'ब्रसेल्स'वर तो असताना यू-३३ या जर्मन पाणबुडीनं वर येऊन थांबायचा इशारा केला. थांबलेली बोट म्हणजे आयतं सावज, आणि पाठ दाखवली तर पाण्यावर चालणारी पाणबुडी गाठणार. त्यानं सुकाणू सरळ तिच्यावर धरलं. समोरून येणाऱ्या बोटीची नुसती रुंदीच दिसते, टॉर्पेडोचा नेम कठीण. शिवाय पाणबुडीचा पातळ पत्रा धडक सोसत नाही. यू-३३नं घाईनं बुडी मारली. ब्रिटिश नौदल खात्याकडून आणखी एक घड्याळ मिळालं, त्यावर बोटीचं नाव आणि तारीख कोरलेली.

माझ्या मते ते कोरीवकामच नडलं. २२ जून १९१६च्या रात्री हूक ऑफ हॉलंडहून निघालेली 'ब्रसेल्स' जर्मन विनाशिकांनी पकडून त्यांच्या ताब्यातल्या झीब्रुग या बेल्जियन बंदरात नेली. जवळच्या ब्रुज शहरात २७ जुलैला खटला चालला: सैनिक नसताना पाणबुडीवर चाल केली, हा आरोप. घड्याळावरचा मजकूर पुरावा म्हणून पुढे आला. त्याच संध्याकाळी फ्रायटला गोळ्या घातल्या. जी बुडवू पाहिल्याचा ठपका होता ती यू-३३ युद्ध संपेपर्यंत शाबूत होती!

जुलै १९१९मध्ये त्याचा देह मायदेशी आला, तो साउथ ईस्टर्न अँड चॅटम रेल्वेच्या १३२ क्रमांकाच्या सामानाच्या डब्यातून. पुढच्या वर्षी अज्ञात सैनिकाची (ओळख न पटलेल्या, सगळ्या मृतांच्या वतीनं सन्मानानं पुरलेल्या ब्रिटिश सैनिकाची) शवपेटीही त्याच डब्यातून गेली.

बोटीचे दिवस मात्र अजून भरले नव्हते. जर्मनांनी तिचं नाव 'ब्रुगं' ठेवलं होतं आणि माघार घेताना तिला झीब्रुगलाच बुडवलं. १९१९ साली ती वर काढली, विकली, आणि 'लेडी ब्रसेल्स' या नावानं ती आयरिश समुद्रात गुरं वाहू लागली. १९२९ साली भंगारात निघाली.