जहाजाच्या तब्येतीचा दाखला

आज संध्याकाळी रंकाळ्यावर भाच्यासोबत बसलेलो, मर्चंट नेव्हीत आहे, सुट्टीवर आलाय. बोलता बोलता म्हणाला मामा, माणसासारखं जहाजाला पण सर्टिफिकेट लागतं, उंदीर नाहीत, रोगराईची लक्षणं नाहीत असं तपासून देतात आणि ते ६ महिनेच चालतं. बंदरात दोरखंडावर पत्र्याच्या गोल चकत्या लावतात म्हणे, उंदीर चढू नयेत म्हणून.

घरी येऊन वाचतच बसलो. पूर्वी जहाज निघताना तिथले अधिकारी लिहून द्यायचे की आमच्या गावात साथ नाही, आणि साथ असेल तर तसंही लिहायचे, मग पुढच्या बंदरात सगळ्यांना उतरू न देता अडकवून ठेवायचे, पत्रांना सुद्धा धुरी द्यायचे नाहीतर व्हिनेगर लावायचे. १३७७ मध्ये रागुसा म्हणजे आत्ताच्या क्रोएशियातल्या दुब्रोवनिक शहरानं साथीच्या गावाहून येणाऱ्यांना ३० दिवस बाहेर थांबायचा नियम केला. जंतू काय असतात कुणाला माहीत नव्हतं तेव्हा! तरी थांबवलं तर साथ कमी पसरते एवढं त्यांना कळलेलं, याचं मला खरंच लई कौतुक वाटलं.

आणि १८९६ ला मुंबईत प्लेग आला, पुढं शाहू महाराजांच्या काळात आपल्या कोल्हापुरात पण पोचला. इथं कुठं समुद्र आहे? पण बंदरातली साथ घाट चढून आलीच की. प्लेग उंदरावरच्या पिसवांमुळं पसरतो हे फ्रेंच डॉक्टर पॉल-लुई सिमाँ यांनी १८९८ मध्ये कराचीत दाखवलं.

भाचा पुढच्या महिन्यात परत जहाजावर जाणार, त्याला सांगितलंय त्या चकत्यांचा फोटो पाठव.