राजाच्या पदरचा कवी खरं कसं बोलेल?

आइसलँडच्या जुन्या दरबारी कवींचा विषय निघाला की हा प्रश्न येतोच. तुम्हीही विचारलंत, म्हणून सिग्वात थॉर्दारसनबद्दल लिहिते.

अकराव्या शतकातला हा कवी नॉर्वेच्या ओलाफ हाराल्डसन राजाच्या पदरी होता. स्तुती हे त्याचं कामच. पण ती म्हणायची भर दरबारात, लढाई डोळ्यांनी पाहिलेल्या माणसांसमोर. न केलेला पराक्रम राजाच्या तोंडावर गायला तर ती स्तुती नव्हे, टिंगल ठरेल, असं आइसलँडचा इतिहासकार स्नॉरी स्टुर्लुसन याने तेराव्या शतकात लिहून ठेवलंय.

मधली दोनशे वर्षं या कविता तोंडीच राहिल्या. त्या टिकल्या वृत्तामुळे. कडव्यात 8 ओळी, ओळीत साधारण 6 अक्षरं. विषम ओळीत दोन जागी अनुप्रास, तोच पुढच्या सम ओळीच्या आरंभी. शिवाय प्रत्येक ओळीच्या पोटात यमक: विषम ओळीत व्यंजनं तीच पण स्वर वेगळा, सम ओळीत स्वरासकट पूर्ण.

स्वीडनच्या प्रवासात सिग्वातला एका घराच्या दारातून हाकललं, कारण आत बळी देण्याचा विधी चालू होता. त्यावरच्या कडव्याची सुरुवात अशी:

गक्कात् इन्न् क्वाथ् एक्क्या
आर्मि द्रेंग्र् एन् लेंग्रा

‘करंट्या, आणखी आत येऊ नकोस,’ बाई म्हणाली. गक्क-एक्क हे अर्धं यमक, द्रेंग्र्-लेंग्र पूर्ण. इन्न्, एक्क्या, आर्मि हा अनुप्रास. या वृत्तात कुठलाही स्वर कुठल्याही स्वराशी जुळतो. आता ‘लेंग्रा’ बदला, यमक तुटतं. ‘आर्मि’ काढा, दोन्ही ओळी सुट्या पडतात. ‘क्वाथ्’सारखा मधला शब्द तेवढा सैल, बदल शिरायला वाव असतो तो अशा जागी.

आता खरं बोलण्याचं. ओलाफ 1030 मध्ये लढाईत पडला. त्याचा मुलगा मॅग्नस जन्मला तेव्हा बाळ जगेल असं वाटेना, म्हणून झोपलेल्या राजाला न उठवताच सिग्वातने त्याचा बाप्तिस्मा करवून नाव ठेवलं होतं. 1035 मध्ये गादीवर आल्यावर मॅग्नस बापाच्या शत्रूंवर सूड उगवू लागला. शेतकरी बंडाच्या तयारीत होते. राजाला सांगणार कोण? सागा (राजांच्या जुन्या गद्य कथा) सांगते की दरबाऱ्यांनी चिठ्ठ्या टाकल्या आणि नाव सिग्वातचं निघेल अशी तजवीज केली. त्याने कवितेतच राजाला विचारलं, स्वतःच्याच प्रजेची गुरं कापायला तुला कोण चिथावतंय? राजाने ऐकलं, सल्लामसलत केली आणि पुढे कायदा लिहून काढला.