म्हैस माजावर येतच नाही, असं तुम्ही विचारलंत म्हणून

"विऊन चार महिने झाले, म्हैस माजावर (गाभण राहण्याच्या तयारीच्या काळात) येत नाही. कोणतं इंजेक्शन द्यायचं?" हा प्रश्न नेहमी येतो. त्यावर माझा पहिला प्रश्न असतो, रात्री १० वाजता गोठ्यात कोण जातं?

माजावरची गाय लपत नाही. हंबरते, दुसरीवर उडते, दुसरी उडाली तर स्थिर उभी राहते. म्हशी एकमेकींवर फारशा उडत नाहीत. त्यांचा माज बऱ्याचदा संध्याकाळनंतर सुरू होतो आणि दिवस चढला की खुणा मंदावतात. उन्हाळ्यात तर त्या आणखी पुसट होतात. यालाच आपण मुका माज म्हणतो.

म्हणून पहाटे ५ला, संध्याकाळी धारेआधी आणि रात्री १०ला, २०-२० मिनिटं नुसतं उभं राहून बघा. वैरण टाकताना नको, तेव्हा जनावराचं सगळं लक्ष गव्हाणीत असतं. वारंवार थोडी थोडी लघवी, उचललेली शेपटी, सुजलेलं लालसर निरण (योनीमुख), आणि रोज सहज पान्हा सोडणारी म्हैस अचानक दूध चोरते का, हे पाहा. सोट, म्हणजे माजात निरणातून येणारा चिकट स्राव, गाईसारखा लोंबताना दिसेलच असं नाही. पुष्कळदा तो म्हैस बसल्यावर पडतो, म्हणून ती उठली की बसलेली जागा तपासा. सोट काचेसारखा स्वच्छ हवा. पांढरट, पुवासारखा असेल तर गर्भाशयाला दाह आहे. त्या माजाला भरवू नका, म्हणजे रेतन करू नका, आधी उपचार करा.

पहाटे माज दिसला तर संध्याकाळी रेतन (गर्भाशयात वीर्य सोडणं), संध्याकाळी दिसला तर दुसऱ्या दिवशी सकाळी. स्त्रीबीज माज संपल्यावर काही तासांनी सुटतं आणि फार वेळ टिकत नाही, त्यामुळे घाई आणि उशीर दोन्ही नडतात.

आता इंजेक्शनचं. माजावर आणायला देतात ते प्रोस्टाग्लँडिन, बीजांडावर पक्व पीतपिंड (स्त्रीबीज सुटलेल्या जागी तयार होणारी गाठ) असेल तरच चालतं. मग साधारण २ ते ५ दिवसांत माज येतो. बीजांडं लहान, गुळगुळीत, निपचित असतील तर ते वाया जातं. तिथे खुराक, खनिज मिश्रण आणि जंतनाशक यांकडे बघावं लागतं. आणि म्हैस गाभण असेल तर? माज न दिसण्याचं तेही कारण असतं, आणि या इंजेक्शनाने गर्भ पडू शकतो. डॉक्टरांनी गुदमार्गातून हात घालून तपासल्याशिवाय ते कुणालाही देऊ देऊ नका, ही माझी कळकळीची विनंती आहे.

माज दिसला पण भरवायचं राहिलं, तरी तारीख भिंतीवर लिहा. चक्र साधारण २१ दिवसांचं असतं. १८व्या दिवसापासून २४व्यापर्यंत रात्रीची फेरी चुकवू नका.