पत्ता : ५६ एपीओ

सप्टेंबर १९६५ मध्ये पाकिस्तानशी युद्ध पेटले तेव्हा मी आपल्या शाळेत आठवीत होतो. साताऱ्यापासून पायी तासाभराच्या वाटेवर आमचे गाव. घराआड एक माणूस पलटणीत, बहुतेक मराठा लाइट इन्फंट्रीत. आपल्याच जिल्ह्याचे यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री असल्याचा अभिमान चावडीवरच्या रेडिओभोवती जमणाऱ्या प्रत्येकाच्या बोलण्यात असे. धान्याच्या टंचाईमुळे पंतप्रधान शास्त्रीजींनी सोमवारचे रात्रीचे जेवण सोडण्याचे आवाहन केले, तेव्हा संध्याकाळी सोमवार सोडणारी माझी आजी तो मंगळवारी सकाळी सोडू लागली.

परंतु त्या दिवसांतले मला सर्वांत मोलाचे वाटते ते शेजारच्या काकींचे शिकणे. काका नेमके कोठे आहेत हे कोणालाच कळत नसे. पत्त्यात नाव, नंबर, पलटण आणि ‘५६ एपीओ’ म्हणजे लष्करी टपालघराचा क्रमांक, एवढेच. १९५९ साली आपल्या जिल्ह्यात सुरू झालेल्या ग्रामशिक्षण मोहिमेत काकी अक्षरे गिरवायला शिकल्या होत्या, पण सराव सुटल्याने मनीऑर्डरीवर पुन्हा अंगठाच उठत होता. त्यांची पत्रे मी वाचत व लिहीत असे. त्या सांगत त्यातले बहुतेक ‘इकडील सर्व खुशाल’ येथेच संपे. ओट्यावर सासू बसलेली असताना, तेरा वर्षांच्या मुलाकरवी, आघाडीवरच्या नवऱ्याला मनातले कळवणे त्यांना कसे शक्य होते, हे मला फार उशिरा उमगले.

आपल्या मराठीच्या सरांना मी हे सहज सांगितले, तेव्हा त्यांनी एक पाटी व अंकलिपी माझ्या दप्तरात ठेवली. २३ सप्टेंबरला युद्धबंदी झाली, तरी पलटणी सीमेवरच राहिल्या आणि चुलीशेजारची काकींची पाटीही उतरली नाही. भाकरी भाजता भाजता त्या जोडाक्षरे विचारीत. सासूबाई प्रथम कुरकुरल्या, मग मुलाचे पत्र सुनेकडूनच वाचून घेऊ लागल्या.

जानेवारी १९६६ मध्ये, ताश्कंदहून शास्त्रीजी गेल्याची बातमी आली त्याच आठवड्यात, संक्रांतीला काकींनी मला बोलावले. आंतरदेशीय पत्र त्यांनी आधीच चिकटवून ठेवले होते. “बाळ, वरचा पत्ता तेवढा विंग्रजीत घाल,” त्या म्हणाल्या. मी पत्ता घातला आणि दुसऱ्या दिवशी शाळेला येताना ते पत्र पोवई नाक्यावरच्या पेटीत टाकले.